म्हाकुळावरचं पहिलं बोट

मथुरा ज्या धक्क्यावर मासळी घ्यायला जाते, तिथं बायकांची एक जुनी रीत आहे. होडीतून क्रेट उतरला, की ज्या बाईचं बोट त्यातल्या मासळीवर आधी टेकेल तिचा त्या क्रेटवर पहिला हक्क. तिनं बोट उचलेपर्यंत बाकीच्यांनी गप्प राहायचं. माल चांगला की वाईट, यावर अवाक्षर काढायचं नाही. जिचं बोट तिची पारख. पटला तर तिनं घ्यावा, नाही पटला तर बोट उचलून बाजूला व्हावं, मग दुसरी पुढं येते. हे कुठं कागदावर नाही. सासवा सुनांना सांगत आल्या आणि सुना पाळत आल्या.

म्हाकुळाच्या बाबतीत तर हे बोट फारच महत्त्वाचं. म्हाकूळ म्हणजे मऊ अंगाचा, तोंडाशी पायांचा झुपका असलेला समुद्रातला जीव. त्याच्या अंगात काटा नसतो, पाठीत फक्त एक पांढरी हलकी वडी असते, ती समुद्रफेस म्हणून काष्ठौषधीच्या दुकानात मिळते. ताज्या म्हाकुळाच्या पाठीवर बोट दाबलं, की ते मेलेलं असूनही कातडीवरचे बारीक तपकिरी ठिपके बोटाभोवती पसरतात, आकसतात, पुन्हा पसरतात. बायका म्हणतात, डाग पळतायत. डाग पळाले तर माल पहाटेचा, नाही पळाले तर शिळा. आणि कातडीखालच्या पांढऱ्या मांसाला गुलाबी झाक आली असेल, तर त्याला हातच लावायचा नाही.

मथुरेला डाग दिसेनासे होऊन आता बराच काळ लोटला होता, आणि हे तिनं कोणालाही सांगितलेलं नव्हतं.

सुरुवातीला तिला वाटलं, वय झालं, चष्मा लागला असेल. मग एकदा देवापुढं दिवा लावताना वात मधोमध दिसेना. मान वळवली की कडेनं दिसायची, समोर बघितलं की जागेवर धुरकट गोळा. कुंकवाची आणि हळदीची वाटी एकाच रंगाची दिसायला लागली तेव्हा मात्र तिनं डॉक्टर गाठायचं ठरवलं. बहिणीकडे जाते असं सांगून ती चिपळूणला गेली, कारण रत्नागिरीत डॉक्टरकडे गेलं की बाजारात कळायला संध्याकाळ लागत नाही. डॉक्टर चांगला होता. त्यानं सावकाश सांगितलं, की मावशी, डोळ्याच्या आतला पडदा मधोमध झिजलाय. कडेचं दिसत राहील, मधलं जाईल, रंग फिके होत जातील. यावर चष्मा नाही आणि ऑपरेशनही नाही. परत येताना एसटीत ती खिडकीशी बसली होती. घाटातली झाडं, जांभ्याचे तांबडे कडे, एका बाईचं वाळत घातलेलं लुगडं, सगळं चुलीतल्या राखेसारखं मागं पळत होतं. घरी आल्यावर तिनं सुनेला बहिणीची ख्यालीखुशाली सांगितली आणि भात लावला.

का लपवलं, तर जागेपायी. बाजारात बदामाच्या झाडाखाली मथुरेची बसायची जागा होती. ती जागा तिची सासू गोदा हिच्याकडून तिच्याकडे आली होती. तिथंही बायकांची एक रीत होती. जिला स्वतःचा माल स्वतः घेता येत नाही, तिनं जागा सोडायची. मागं दमयंती नावाची एक बाई होती, मोठ्या आवाजाची, हसरी. तिचे हात कापायला लागले, धक्क्यावरून तिला क्रेट उचलवेना. सगळ्यांनी गोडीनं तिला घरी बसवलं, साडीचोळी केली, ओटी भरली. त्यानंतर दमयंती एकदाच बाजारात आली, ती पाहुणी म्हणून. कोपऱ्यावर उभं राहून बघून गेली. कोणी बस म्हणालं नाही, कारण बसायला तिची जागाच नव्हती. मथुरेला ते उभं राहणं विसरता येत नव्हतं. मुलगा दर्शन जहाजावर, महिनोन्‌महिने येत नाही. सून दीपाली सकाळी कामाला जाते ती दिवेलागणीला येते. घरी बसून काय करायचं, भिंती बघायच्या? त्याही धड दिसायच्या नाहीत.

म्हणून तिनं निभावायला सुरुवात केली. गिऱ्हाईक आवाजावरून ओळखायचं, नाहीतर चपलेच्या आवाजावरून. बांगडा, सुरमई, कोळंबी हातालाच कळतात, त्यांना डोळे लागत नाहीत. पुढ्यातली मासळी रोज ठरल्या जागी मांडायची, विळी उजव्या अंगाला, पाण्याची बादली डाव्या. कोणी काही दाखवलं तर मान जरा तिरकी करून बघायचं आणि बघितल्यासारखं बोलायचं. पहाटे निघताना ती भैरीच्या देवळाच्या दिशेनं हात जोडायची. दृष्टी परत दे असं तिनं कधी मागितलं नाही. आजचा दिवस निभावून ने, एवढंच.

दिवस निभायचे, पण ती दमायची. पाटी वाहायची तिला सवय होती, तो शीण जेवून आडवं झालं की उतरतो. हा शीण वेगळा होता. दिवसभर चेहरा सावध ठेवायचा, कान ताणून ठेवायचे, कोणी हसलं तर आपल्याला हसलं का याचा अंदाज घ्यायचा. घरी आल्यावर ती पायरीवर बसायची ती उठायचीच नाही. दीपाली विचारायची, आई, बरं नाही का? ती म्हणायची, पाय दुखतायत.

त्यात सखू होती.

सखू नात्यानं मथुरेची चुलतजाऊ, आणि बाजारात तिची जागा मथुरेच्या जागेला लागून. तोंडाची एवढी तिखट, की गिऱ्हाईकसुद्धा तिच्याशी जपून बोले. या सखूनं काही वर्षांपासून धक्क्यावरची रीत मोडायला सुरुवात केली होती, आणि तीही फक्त मथुरेच्या बाबतीत. मथुरेनं म्हाकुळावर बोट टेकलं, की मागून सखूचा आवाज येई. घे गो घे, गुलाबी साडी नेसून बसलंय तुझ्यासाठी. नाहीतर, काय चेपतेस त्याला, डाग केव्हाच झोपले. मथुरा बोट उचलायची. अपमानानं कानशिलं तापायची, पण बोट उचलायची. आणि ज्या दिवशी सखू मागं उभी असूनही काही बोलायची नाही, त्या दिवशी मथुरा क्रेट घ्यायची, आणि तो माल उत्तम निघायचा.

बाकीच्या बायकांना सखूचं वागणं अजिबात आवडत नसे. दुसरीच्या बोटाखालच्या मालाला नाव ठेवणं म्हणजे तिच्या ताटात थुंकण्यासारखं. लिलाव पुकारणारा गंगाराम तसा शांत माणूस, पण त्यानंही एकदा तिला सगळ्यांसमोर हटकलं.

“सखू, रीत हाय ती. तोंड आवर.”

“रीत माझ्या घोवाला सांग,” सखू म्हणाली. तिचा नवरा वारून कितीतरी वर्षं झाली होती. बायका हसल्या, पण त्यानंतर पुष्कळजणींनी तिच्याशी बोलणं टाकलं. घरच्या कार्याला तिला बोलावणंही राहून जायला लागलं. मथुरेनंच सगळ्यांत आधी टाळलं होतं. सखूला आपल्या जागेचा हेवा वाटतो, असं तिचं ठाम मत होतं. आणि तरी पहाटे धक्क्यावर पोहोचली की तिचे कान आधी सखूचा आवाज शोधत. असं का, हे तिनं स्वतःला विचारलं नाही. माणूस थकलेलं असलं की काही प्रश्न तसेच बाजूला ठेवतं.

दीपाली शहरातल्या एका मत्स्यालयात कामाला होती. तिकिटं द्यायची, काचेच्या टाक्यांपुढून लोकांना फिरवून आणायचं. भाद्रपदात गणपती गेल्यावर एका रविवारी तिनं सासूला बरोबर नेलं. तिथं एक नवी टाकी होती, आणि दीपाली सांगायची त्याप्रमाणे दिवसभर लोक त्या टाकीपुढं उभे राहून म्हणत, ही रिकामी आहे. मग ती बोट दाखवायची. वाळूचा एक तुकडा हलायचा, आणि त्याला डोळे असायचे. ते म्हाकूळ.

मथुरेला तर वाळूही धड दिसत नव्हती. पण मान तिरकी करून बघताना तिला कडेनं एक हालचाल जाणवली, आणि तिला तिचा गेलेला नवरा आठवला. लग्नाच्या नव्या नवलाईत त्यानं गळाला लागलेलं एक जिवंत म्हाकूळ घमेल्यातल्या पाण्यातून घरी आणलं होतं, तिला गंमत दाखवायला. तळाशी वाळू घातली तर ते वाळूसारखं रवाळ झालं. कालवांच्या शिंपल्या टाकल्या तर अंगावर पांढरे चट्टे उठले. मग त्यानं आपली चौकड्यांची लुंगी घडी करून घमेल्याच्या तळाला घातली. म्हाकूळ बिचारं गोंधळलं, थरथरलं, आणि बघता बघता त्याच्या पाठीवर मधोमध एक पांढरा चौकोन उमटला. ती एवढी हसली होती, की सासू बाहेर येऊन बघून गेली. संध्याकाळी त्यानं ते परत पाण्यात सोडलं. मारायला जीव होईना म्हणाला. असा मासेमार तिनं दुसरा बघितला नाही.

हे करतं तरी कसं, असं तिनं दीपालीला विचारलं. दीपाली रोज लोकांना सांगते तेच तिनं सासूला सांगितलं, पण जरा सावकाश. म्हाकुळाच्या कातडीत सुईच्या टोकाएवढ्या रंगाच्या पिशव्या असतात, पिवळ्या, तांबूस, काळपट. प्रत्येक पिशवीला चहूबाजूंनी बारीक स्नायू जोडलेले. मेंदूचा हुकूम झाला की स्नायू पिशवीला चारी अंगांनी ओढतात, पिशवी पसरते आणि तिचा रंग दिसतो. सोडलं की पिशवी आकसते आणि रंग ठिपक्याएवढा होतो. त्याच्या खाली आणखी एक थर असतो, तो उजेड परतवतो, हिरवट निळसर चमक त्याची. एवढंच नाही, तर कातडीला फोड आणून ते शेवाळलेल्या दगडासारखं खडबडीतही होतं. हे सगळं डोळ्याचं पातं लवायच्या आत.

“आणि आई, गंमत म्हणजे त्याला रंग दिसत नाहीत.”

मथुरेचा हात काचेवर होता, तो तिथंच राहिला. “कोणाला?”

“म्हाकुळाला. उजेड, अंधार, कडा, ठिपके, एवढंच कळतं. रंग नाही. तरी बरोबर रंग धरतं. कसं जमतं ते अजून शिकलेल्या लोकांनाही पुरतं उमगलेलं नाही.”

 घरी येताना मथुरेला मनातून फार बरं वाटत होतं. देवानं एवढ्याशा जिवाला रंग न दाखवता निभावायला शिकवलंय, तर आपल्यालाही तोच नेईल पुढं. त्या रात्री तिला शांत झोप लागली. दीपालीनं टाकीपुढं आणखीही एक गोष्ट सांगितली होती. पण आपल्याला हवं तेवढं ऐकून मथुरेचे कान बंद झाले होते.

दसरा झाला. ऑक्टोबरचा उकाडा सुरू झाला आणि म्हाकुळाच्या होड्या भरून यायला लागल्या. त्याच सुमारास सखूची मुलगी केळशीला बाळंत झाली आणि सखू तिकडे गेली. धक्क्यावर पहिल्या दिवशी मथुरेला हायसं वाटलं. दुसऱ्या दिवशी तिनं म्हाकूळ घेतलंच नाही, बांगड्यावर भागवलं. त्यानंतरही काही दिवस तिनं कोळंबी आणि बांगडा हेच केलं. पण गिऱ्हाईक विचारायला लागलं. तिच्या जुन्या गिऱ्हाइकांतली राही आवर्जून सांगून गेली, की घरी सगळ्यांचं नवरात्र कडक होतं, सासऱ्यांना आता म्हाकुळाचं सुकं खायचंय, आणि ते मथुरामावशीकडचंच पाहिजे म्हणतात.

दुसऱ्या दिवशी पहाटे मथुरेनं म्हाकुळाच्या क्रेटवर पहिलं बोट टेकलं.

बर्फाच्या पाण्यात बुडवून आणलेला माल होता. बोटाला नुसता झोंबणारा गारठा लागला. अंग घट्ट लागलं. बर्फात काहीही घट्टच लागतं हे तिला कळत होतं, शिळं होतं की ताजं हे त्या गारठ्यातून हाताला सांगता येत नव्हतं. वास घ्यावा तर धक्क्यावर सगळाच वास. ती बोट ठेवून उभी राहिली. मागं बायका उभ्या होत्या, त्यांच्या श्वासांचा आवाज तिला येत होता. कोणी बोलेना. बोलणारच नव्हतं, रीतच होती ती. ती कशाची वाट बघतेय हे तिचं तिला उमगलं, आणि तिला स्वतःची लाज वाटली.

गंगारामनं विचारलं, “काय मथुराताई, डाग पळतायत ना?”

“पळतायत,” ती म्हणाली.

तिनं क्रेट घेतला. म्हाकुळं सोलली, शाईची पिशवी काढून धुतली, राहीला सगळ्यांत आधी दिली. घेताना राही क्षणभर थांबल्यासारखी वाटली, पण काही बोलली नाही. जुन्या माणसावर विश्वास असतो, तो असाच गप्प बसवतो.

दुसऱ्या दिवशी राही डबा घेऊन आली. चारचौघींत बोलली नाही, खाली बसली, मथुरेच्या कानाशी वाकून हळू म्हणाली, की मावशी, कालचं सगळं गुलाबी होतं हो. शिजवताना वास आला म्हणून कोणाला वाढलं नाही. थोडं ठेवलंय, तुम्ही बघा. रागवायला नाही आले. मथुरेनं डबा घेतला. 

तिनं उरलेला माल गोळा केला, जेटीच्या टोकाला जाऊन पाण्यात टाकला. घारी आणि बगळे जमले. रिकामी पाटी घेऊन ती दुपारच्या आधीच घरी आली. हे बायकांनी बघितलं. संध्याकाळी दीपालीला मोरीत तो डबा दिसला. तिनं झाकण काढलं आणि चटकन बंद केलं. म्हणाली, आई, हे फारच उतरलंय. कातडीतला रंग मांसात गेलाय, केवढं गुलाबी दिसतंय. मथुरा म्हणाली, बर्फ कमी पडला. दीपाली दमून आली होती, तिनं पुढं विचारलं नाही.

सखू आली ती बाळाच्या बारशानंतर. कोणीतरी तिला धक्क्यावरच सगळं सांगितलं असणार. बाजारात ती आपल्या जागेवर बसली, पाटी लावली, आणि दुपारी गिऱ्हाईक ओसरेपर्यंत मथुरेशी चकार शब्द बोलली नाही. मथुरेला वाटलं, आता ही सगळ्यांपुढं तोंड वाजवणार. पण सखू सरकत सरकत तिच्या पाटीशी आली आणि तिचा आवाज मुळीच चढलेला नव्हता.

“कसला माल घेतलास गो तू मी नसताना.”

मथुरा म्हणाली, होतं असं कधी कधी.

“नाय होत. तुला होत नाय.” सखू थांबली. “किती दिसतं तुला आता? खरं सांग.”

बदामाचं एक पान दोघींच्या मधोमध पडलं. मथुरेनं ते चाचपून उचललं, बाजूला टाकलं. “कोणी सांगितलं तुला?”

“सांगायला कोण कशाला पायजे? तू भांडताना माझ्या डोळ्यांत बघायची सोडून माझ्या कानातल्या कुडीकडे बघायला लागलीस. माणूस भांडताना डोळ्यांत बघतं गो. तू कितीतरी वर्षं माझ्या कानाशी भांडतेस.”

मथुरेला हसू आलं आणि ते अर्ध्यावरच राहिलं. मागचं सगळं तिच्या डोळ्यांपुढं आलं, गुलाबी साडी, झोपलेले डाग, गंगारामचं हटकणं, घरच्या कार्याला न केलेलं बोलावणं. ते तिनं स्वतः न केलेलं.

“मग सरळ का नाय सांगितलंस मला?”

“सांगितलं असतं तर तू लपवायचं सोडलं असतंस? आणखी लांब जाऊन लपवलं असतंस. तुला मी ओळखत नाय काय?” सखूनं पदरानं मान पुसली. “पण आता माझं तोंड दमलं, मथुरा. बायका मला नासकी म्हणतात. केळशीला लेकीचं बाळ मांडीवर घेऊन बसले होते, आणि पहाट झाली की जीव इथल्या क्रेटवर. आता ही काय घेत असेल, कोणाच्या पोटात काय जात असेल. नाय जमायचं यापुढं. एक तर तू सांग, नायतर मी गप्प होते. दुसऱ्या बायकांसारखी रीतीनं गप्प.”

एवढं बोलून ती सरकत आपल्या जागेवर गेली आणि एका गिऱ्हाइकाला कोळंबीवरून फटकारायला लागली.

त्या दिवशी घरी जाताना मथुरेला दीपालीनं टाकीपुढं सांगितलेली दुसरी गोष्ट आठवली. कोणा शाळकरी मुलीनं विचारलं होतं, की मेल्यावर म्हाकूळ पांढरं का पडतं? दीपाली म्हणाली होती, की रंग धरून ठेवायला त्याला सतत जोर लावावा लागतो. पिशवी ओढून धरणारे स्नायू सैल झाले, की पिशव्या मिटतात. पांढरं होणं म्हणजे काही वेगळं करणं नव्हे. ते नुसतं सोडून देणं आहे.

दिवेलागणीला दीपाली आली. मथुरेनं देवापुढं दिवा लावला होता. दीपाली तांदूळ निवडायला बसली तेव्हा ती म्हणाली, “दीपाली, मला रंग दिसत नाहीत. समोरचं माणूसही नाही दिसत नीट. बरेच दिवस झाले.” मग चिपळूणच्या डॉक्टरचं सांगितलं, राहीच्या डब्याचं सांगितलं, सखूचंही सांगितलं.

दीपालीचे हात सुपातच राहिले.

“मी रोज लोकांना बोट दाखवून सांगते, ते बघा, तिथं आहे,” ती म्हणाली. “आणि घरात...”  तिला राग आला होता आणि रडू आलं होतं, आणि दोन्ही करायला अंगात त्राण नव्हतं. ती एवढंच म्हणाली, की परत चिपळूणला आपण दोघी जाऊ, आणि पुन्हा तांदूळ निवडायला लागली. मथुरा तिथंच भिंतीला टेकून बसली. दिव्याची वात मधोमध दिसत नव्हती. तिनं मान वळवून बघितली नाही. असू दे म्हणाली.

पहाटे धक्क्यावर होडी लागली. म्हाकुळाचा क्रेट उतरला आणि मथुरेनं पुढं होऊन बोट टेकलं. मागं सगळ्या गप्प झाल्या. सखूही गप्प होती.

“गंगाराम,” मथुरा म्हणाली, “मला डाग दिसत नाहीत. गेली काही वर्षं दिसत नाहीत. सखू ओरडायची ते माझ्यासाठी ओरडायची. तिला कोणी वाईट म्हणू नका.”

 मग मागून एक म्हातारी बाई, कोणाला दुखवू नये अशा सुरात, म्हणाली, की मग जागेचं कसं? जिला स्वतःचा माल स्वतः घेता येत नाही तिनं... दमयंतीच्या वेळी आपण सगळ्यांनीच ठरवलं होतं. ती चुकीचं काही बोलत नव्हती. मथुरेला ते ठाऊक होतं. म्हणूनच तर एवढी वर्षं घालवली होती. पण आता बोलून झालं होतं आणि तिला भीतीही नीट वाटत नव्हती, नुसतं कुठंतरी बसावंसं वाटत होतं. तिनं बोट मात्र उचललं नाही.

गंगारामनं डोक्यावरची टोपी काढली, परत घातली. विचार करायला त्याला नेहमीच वेळ लागतो.

“रीतीत डोळ्याचं काय नाय,” तो शेवटी म्हणाला. “बोटाचं हाय. बोट तिचं हाय. ती सांगेल ते मी धरणार.”

“आणि बघायचं कोणी?” म्हातारीनं विचारलं.

“मी हाय ना मेली,” सखू म्हणाली.

ती पुढं आली. मथुरेच्या बोटाशेजारी तिचं बोट टेकल्याचं मथुरेला जाणवलं, ओलं आणि खरखरीत. बऱ्याच वेळानं सखू म्हणाली, “चांगलं हाय. पळतायत डाग. घे.”

सखूच्या तोंडून कोणत्याही मालाला चांगलं म्हटलेलं त्या धक्क्यावर कोणी कधी ऐकलं नव्हतं. एक बाई फस्सकन हसली, मग दुसरी. म्हातारी हसली नाही. ती आपली पाटी उचलून दुसऱ्या होडीकडे गेली, आणि तिच्याबरोबर आणखी दोघी गेल्या. जागेचं बाजारात पुन्हा निघणार, हे मथुरेला त्यांच्या चालण्यावरून कळलं. निघू दे.

त्या दिवशी बदामाखाली बसून तिनं स्वतःचीही म्हाकुळं सोलली आणि सखूचीही. या कामाला डोळे लागत नाहीत. पाठीवर उभी चीर द्यायची, वडी अंगठ्यानं वर ढकलायची, शाईची पिशवी न फोडता अलगद सोडवायची, मग कातडीचं एक टोक चिमटीत धरून ओढायचं. जमलं तर अख्खी कातडी एका ओढीत येते. सखूला कधी जमलं नाही, तिच्या चिंध्या होतात. मथुरा एकेक कातडी ओढून बाजूला टाकत होती, सखू गिऱ्हाइकांशी भांडत होती, आणि मधेच कोणीतरी विचारून गेलं, की मावशी, आज म्हाकूळ कसं आहे? मथुरा मान न वळवता म्हणाली, “सखूला विचार.”

दुपारी गिऱ्हाईक ओसरलं. मथुरेनं हात धुतले, विळी मिटली आणि झाडाच्या बुंध्याला पाठ टेकली. सखू काहीतरी सांगत होती, केळशीच्या बाळाचं नाक कोणावर गेलंय ते. ऐकता ऐकता मथुरेचा डोळा लागला. कितीतरी वर्षांत ती बाजारात अशी झोपली नव्हती.